एक नंबरचं रीळ

“हात धुतलेस?” बाबांनी विचारलं.

“दोनदा.”

“आणि पुसलेस कशाला? पदराला?”

“रुमालाला.”

“मग बस.”

मी बसले. संकलनाच्या त्या खोलीत मी आठ वर्षांनी पाऊल टाकत होते, आणि नियम तेच होते. फिल्मला हात लावायचा तर धुतलेला आणि कोरडा. खोली कोल्हापूरच्या स्टुडिओच्या मागल्या अंगाला, कपडेपटाला लागून होती. एकच खिडकी, तिलाही काळा पडदा. मार्चमधली दुपार, दोन वाजलेले. मधे मुव्हिओला, म्हणजे रीळ चालवून छोट्या पडद्यावर बघायचं यंत्र. बाजूला कापडी पिशवी, तिच्यावरच्या दांडीला खिळे, आणि खिळ्यांना लटकणारे फिल्मचे कापलेले तुकडे. टेबलावर दोन डबे होते. एकावर कागदाची पट्टी चिकटवून ‘१’ लिहिलं होतं, दुसऱ्यावर ‘२’.

“शेवटचं रीळ आहे,” बाबा म्हणाले. “दोघांनी कापलंय. एक मी, एक हौसानं. तेच शॉट, दोन प्रिंट. तिनं माझं बघितलेलं नाही, मी तिचं बघितलेलं नाही. कुठलं कुणाचं ते तुला सांगणार नाही. तू दोन्ही बघ आणि मला आकडा सांग.”

“आणि मग?”

“तो आकडा पिक्चरला लागला. ज्याचं रीळ लागेल त्याचं नाव संकलक म्हणून येईल. एकट्याचं.”

“निर्मात्यांना नाही विचारलंत?”

“त्यांना विचारलं तर ते म्हणतील, शेवटी एक गाणं का नाही?”

मला हसू आलं, पण मी ते दाबलं. “मग मलाच का?”

“तू कुणाची खुशामत करत नाहीस म्हणून. मागच्या पिक्चरला सगळा गाव वा वा करत होता. तू जेवताना म्हणालीस, मध्यंतरानंतर कंटाळा आला. आठवतंय? आठ दिवसांत पिक्चर उतरलं.” ते उठले. “मी बाहेर बाकावर बसतो. इथं थांबलो तर तुझ्या तोंडाकडं बघत बसेन. चालवता येतंय ना अजून?”

“येतंय.”

“पंखा लावू नको. तुकडे उडतात.”

ते गेले. दार त्यांनी स्वतः ओढून घेतलं.

माझे वडील विश्राम केरकर यांनी तोवर त्रेचाळीस चित्रपट कापले होते. ते पौराणिक चित्रपटात देवांना बेमालूम अदृश्य करत, आणि तमाशापटात ढोलकीच्या थापेवर असा काप घेत की थिएटरातली माणसं बाकं बडवत. सरकारी माहितीपट, वार्तापट, एक विनोदी चित्रपट तर सात दिवसांत. पन्नाशीच्या अलीकडे ते दिग्दर्शनाकडे वळले. तीन चित्रपट केले, एक चालला. प्रत्येकाच्या पाटीवर ‘संकलन व दिग्दर्शन’ असं एकत्र यायचं, आणि त्यातल्या पहिल्या शब्दाचा त्यांना जास्त अभिमान होता. हा चौथा चित्रपट एका सुईणीचा होता. सगळ्या गावाची बाळंतपणं केलेली बाई म्हातारपणी घराला कुलूप लावते, नदी ओलांडून निघून जाते, आणि तिला कुणी थांबवत नाही. शेवटच्या रिळात एवढंच होतं. संवाद नव्हता. सगळं कापण्यावर होतं.

आणि हौसा चौगले म्हणजे कोण, तर कपडेपटात काजं-बटणं करणारी मुलगी. माझ्याहून एक वर्षानं मोठी. सातवीपर्यंत शिकलेली. पाच वर्षांपूर्वी बाबांना कुणी तरी तुकडे लावायला हवं होतं, म्हणून तिला आठवड्यासाठी मागून घेतलं. ती परत गेलीच नाही.

मी चौदा वर्षांची असेपर्यंत ती जागा माझी होती. शाळेतून थेट इथं यायचं, रिळं गुंडाळायची, तुकडे खिळ्याला लावायचे. फिल्मची मसाल्याची, म्हणजे चित्र उमटतं ती बाजू कुठली ते ओठाला लावून बघायचं, जी चिकटते ती मसाल्याची. हे बाबांनीच शिकवलं होतं. मग एक दिवस म्हणाले, “आता पुरे. या खोलीत डोळे जातात. तू पुस्तकं वाच.” मी पुस्तकं वाचली. बी.ए.ला विद्यापीठात दुसरी आले. पण मला बाहेर काढलेल्या खोलीत हौसाला बसवलं, आणि तिच्या डोळ्यांची काळजी कुणी केली नाही, हे मी विसरू शकले नाही.

घरी जेवताना तिचं नाव निघाल्याशिवाय भात संपत नसे. हौसा म्हणाली, त्या शॉटवर अजून थोडं थांबू. हौसा म्हणाली, म्हातारीचं तोंड नको, पाठ दाखवू. आई हसून म्हणायची, “तुला बहीण झाली गं कुमुद.” खंडेनवमीला स्टुडिओत हत्यारांची पूजा असते. लहानपणी संकलनाच्या कात्रीला कुंकू मी लावायचे. हौसा आली त्या वर्षी मी नवी साडी नेसून गेले, तर हौसानं आधीच लावलेलं होतं. “ताई, आलाय व्हय तुम्ही? मला वाटलं, तुमास्नी कालिज आसंल,” म्हणाली, आणि पेढा पुढे केला. मी तो घेतला आणि बाहेर येऊन कुत्र्याला घातला.

तर असं सगळं मनात घेऊन मी त्या दोन डब्यांसमोर बसले होते.

बाबांना वाटलं होतं, मला कळणार नाही. पण त्या खोलीतली एक गोष्ट मला पक्की ठाऊक होती. दोन तुकडे जोडायच्या दोन रीती होत्या. जुनी सिमेंटची, म्हणजे फिल्मच्या कडेवरचा मसाला पात्यानं खरवडायचा, ब्रशनं पातळ सिमेंट लावायचं आणि दाबून धरायचं. बाबा जन्मभर तसंच जोडत आले होते. नवी रीत पारदर्शक टेपची. तिचं यंत्र स्टुडिओत येऊन तीन वर्षं झाली होती आणि ते हौसा वापरायची. बाबा त्याला हात लावत नसत. “जखमेवर चिकटपट्टी,” म्हणायचे.

मी एक नंबरचा डबा उघडला. रीळ यंत्रावर चढवण्याआधी पाच-सहा हात फिल्म बोटांतून सरकवली. टेपची कड लागली. पुन्हा लागली. मग दोन नंबर उघडलं. तिथे सांधा पातळ, टणक, खरवडलेला. सिमेंट.

झालं. एक हौसाचं, दोन बाबांचं.

मग मी दोन्ही रिळं चालवली. पाहिली म्हणवत नाही. एक नंबर चालू असताना प्रत्येक सांध्यावर पडदा किंचित उडे आणि मी मनात म्हणे, ही बघ तिची टेप. मी मोजलेसुद्धा सांधे. एकसष्ट. पुढे बाबांना काय सांगायचं त्याची वाक्यं तयार करत होते. वाचलेलं सगळं त्या दिवशी कामाला आलं. मधे एकदा कुठे तरी माझा श्वास अडल्यासारखा झाला. कशावर अडला ते मी बघितलं नाही. मला राग आला आणि मी वाक्यांकडे परत गेले. दोन नंबर मात्र खुर्चीत पुढे सरकून पाहिलं, देवळात बसावं तसं. छान होतं. छान असणारच होतं.

दार उघडून मी बाबांना हाक मारली. ते बाकावर हात मांड्यांखाली दाबून बसले होते. शेजारी चहाचा कप, भरलेला, साय धरलेला. हौसा लांब नळापाशी उभी होती, आमच्याकडे पाठ करून.

आत येऊन त्यांनी दार लावलं. “हं?”

“दोन.”

“लगेच सांगू नको. विचार कर.”

“केला. दोन.”

“का?”

“त्यात बाई जाताना दिसते. आपण तिच्याबरोबर जातो.”

त्यांनी मान हलवली. “आणि एकमध्ये काय चुकलं?”

मी ह्याचीच वाट बघत होते. “चुकलं काहीच नाही. सगळं जिथल्या तिथं आहे. पण ते शिकलेलं आहे, बाबा. कापणाऱ्याच्या हातांना सगळं ठाऊक आहे, आणि घरात कुणीच नाही. म्हातारी घर सोडते आणि कापणाऱ्याला त्याचं काही वाटत नाही. बटण लावावं तसा एकेक शॉट लावलाय.”

बटणाचा शब्द मी मुद्दाम ठेवला होता.

बाबांनी हात पाठीमागे बांधले. मग म्हणाले, “घरात कुणीच नाही. चांगलं वाक्य आहे. लिहून ठेव कुठं तरी.” आणि दार उघडून हाक मारली, “हौसा! ये इकडं.”

ती पदराला हात पुशीत आली.

“तुझं लागलं,” बाबा म्हणाले.

“काय तरीच काय, आण्णा. थट्टा करताय.”

“हिला विचार. दोन नंबर म्हणते.”

हौसानं माझ्याकडे पाहिलं. तिचा चेहरा आधी उजळला, मग लगेच घाबरला. “ताई, आण्णांचं सोडून माझं घेतलं तुम्ही?”

“दोन नंबर हौसाचं?” मी बाबांना विचारलं.

“हौसाचं.”

“पण…” मी म्हणाले, आणि थांबले. त्या ‘पण’च्या पुढचा शब्द टेप होता.

बाबा टेबलावरचं एक नंबरचं रीळ उचलायला पुढे झाले. त्यांचा उजवा हात रिळाच्या कडेशी गेला आणि थरथरायला लागला. म्हाताऱ्या माणसाचा कापतो तसा नाही. अंगठा आणि तर्जनी आपापसात काही तरी मोजत असल्यासारखी हलत होती. हौसा चटकन मधे आली. “मी उचलते, आण्णा,” म्हणाली आणि त्यांचा हात सहज बाजूला केला. किती तरी वेळा केलेलं काम करावं, तसं.

म्हणजे हिला ठाऊक होतं. आईला नव्हतं, मला नव्हतं, हिला होतं. खरं सांगायचं तर त्या क्षणीही मला आधी तेच डाचलं. बाबांच्या हाताचा विचार मागून आला.

“तू जा,” बाबा तिला म्हणाले. “निर्मातेसाहेबांना सांग, रीळ पक्कं झालं. संकलन हौसा चौगले. त्यांनी तोंड वाकडं केलं तर म्हणावं, आण्णांना येऊन भेटा.”

ती गेली. उंबऱ्यापाशी वळून तिनं बाबांना वाकून नमस्कार केला. मग माझ्याही पाया पडायला पुढे झाली. मी पाय मागे घेतले. तिला तो विनय वाटला असावा.

बाबा खुर्चीवर बसले. “सहा महिने झाले,” म्हणाले. “पातं हलतं हातात. खरवडायला गेलं की फिल्म फाटते. म्हणून तिचं टेपचं यंत्र मागून घेतलं, आणि तिला म्हटलं, तू माझं सिमेंट वापर, सवय राहू दे. चहाचा कप उचलायचा तर आधी कुणी बघतंय का ते पाहतो. आईला सांगू नको एवढ्यात.”

“डॉक्टरांना दाखवलंत?”

“दाखवलं. तो म्हणाला, वाढत जाईल, सावकाश.” मग स्वतःशीच बोलावं तसं म्हणाले, “मला वाटत होतं, हात गेला तरी कापणं जात नाही. कापणं डोक्यात असतं. तेवढ्यासाठीच तर ही परीक्षा घेतली. मला माझं मला कळेना. तिला विचारलं असतं तर ती रडली असती, आणि म्हणाली असती, आण्णा, तुमचंच. तू बरोबर पकडलंस. हातांना ठाऊक आहे, आणि घरात कुणी नाही.”

“बाबा, मी…”

“खरं बोललीस म्हणून वाईट वाटून घेऊ नको. त्यासाठीच बोलावलं होतं तुला.”

एका वाक्याचं काम होतं. मी सांधे चाचपले, मी पाहिलंच नाही, ते मी हौसाला बोलत होते. एवढं म्हटलं असतं तर त्यांचं कापणं त्यांना परत मिळालं असतं, निदान दुसऱ्या कुणाला विचारता आलं असतं. पण मग त्यांनी ज्या एका गोष्टीसाठी मला त्या खोलीत परत बोलावलं होतं, तीही माझ्यापाशी नाही हे कळलं असतं. बावीस वर्षांच्या वयात मला त्यांच्या कापण्यापेक्षा ती गोष्ट मोठी वाटली. मी गप्प बसले.

“आता हे मोड,” ते म्हणाले.

“मोडू?”

“न लागलेलं रीळ ठेवायचं नसतं. ठेवलं की माणूस पुन्हा पुन्हा बघत बसतो. तुकडे पिशवीत जाऊ देत. टेप आहे, सोलली की सुटते. सिमेंटचं असतं तर कापावं लागलं असतं.”

मी ते मोडलं. रीळ हातानं फिरवत एकेक सांधा पुढे आणायचा, नखानं टेपची कड उचलायची, ओढायची. तिचा एक कोरडा, बारीक आवाज यायचा. मग तुकडा खिळ्याला अडकवायचा. बाबा भिंतीकडे तोंड करून बसले होते. मधे एकदा म्हणाले, “सावकाश. ओरखडा नको यायला. तिला लागतील तुकडे.” अर्ध्या तासात काम संपलं. शेवटची टेप माझ्या बोटाला चिकटली ती निघेना.

चित्रपट पावसाळ्याआधी लागला. पाटीवर ‘संकलन: हौसा चौगले’ असं एकटीचं नाव आलं. चित्रपट बरा चालला आणि ज्यांना कळतं त्यांनी शेवटच्या रिळाबद्दल लिहिलं. हौसा पुढे मुंबईला गेली. तिनं साठ-सत्तर चित्रपट कापले, चार दिग्दर्शित केले. बाबांनी आणखी दोन केले. कापायला मात्र पुन्हा बसले नाहीत. ‘आता नवे लोक’ म्हणायचे. हाताचं पुढे सगळ्यांना दिसायला लागलं आणि लोकांनी त्याचा आपोआप अर्थ लावला.

ते गेल्याला पंधरा दिवस झाले तेव्हा स्टुडिओच्या जागेवरच्या सभागृहात शोकसभा झाली. वक्त्यांनी सांगितलं की केरकरांएवढ्या मोठ्या मनाचा गुरू झाला नाही, ऐन उमेदीत शिष्येला जागा करून दिली. मी पहिल्या रांगेत होते. लोकांनी माझ्याकडे बघून माना हलवल्या.

सभा संपल्यावर हौसा माझ्याशेजारी येऊन बसली. आता केस सगळे पांढरे, चष्मा, अंगावर सुती साडी. मुंबईत बोलणं पुष्कळ सुधारलं होतं तिचं, माझ्याशी बोलताना मात्र मुळावर यायचं.

“ताई, एक विचारू? आण्णा हुते तंवर धाडस झालं न्हाई.”

“विचार.”

“त्यांचं ते रीळ. सुईणीच्या पिक्चरचं. मला त्यांनी दाखवलंच न्हाई. मी साहेबांकडनं परत येईस्तोवर तुम्ही मोडूनबी टाकलं हुतं. खिळ्याला तुकडे बघितले मी, लई वेळ उभी राहिले, पण नुसत्या तुकड्यांवरनं काय कळतंय? नंतर कितीदा विचारलं. आण्णा म्हणायचे, कुमुदला विचार, तिनं बघितलंय.”

मी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं.

“त्यांनी कापलेलं शेवटचं रीळ ते. जगात एकट्या तुम्ही बघितलंय.” ती खाली बघून बोलत होती. “खरं सांगू? मला तुमचा लई हेवा वाटायचा. मी त्यांच्याजवळ दिवस दिवस बसायचे, पण बघायला बोलावलं ते तुमास्नी. अजूनबी मी काय कापायला बसले की वाटतं, आण्णांनी तिथं काय केलं असंल? म्हातारी कुलूप लावती, तिथनं सुरुवात केली हुती काय? का नदीवरनं? तेवढं तरी सांगा. सुरुवातीचा शॉट कुठला हुता?”

मी आठवायचा प्रयत्न केला. खरोखर केला. डोळे मिटले. पडदा आठवला, यंत्राचा आवाज आठवला, मी काय बोलणार होते ते शब्द न शब्द आठवले.

“हौसा, मला आठवत नाही.”

“एकबी शॉट न्हाई?”

“नाही.”

तिनं चष्मा काढला आणि थोडा वेळ माझ्याकडे नीट पाहिलं. तिचा विश्वास बसला नव्हता. मग तिच्या चेहऱ्यावर हळूहळू एक समजूत आली. मी तशाच एखाद्या समजुतीनं तिच्याकडे कधी पाहिलं नव्हतं.

“असू दे,” ती म्हणाली, आणि माझ्या हातावर हात ठेवला. “तुम्ही लेक हाय त्यांची. काय तरी तुमचं एकटीचं राहू दे की. मी न्हाई मागत.”